गुलाबरावजींच्या विहिरीतले बुडबुडे

आम्ही दाब दिला होता बौद्धपुऱ्यातल्या बोअरला आणि बुडबुडे येत होते रस्त्यापलीकडच्या गुलाबरावजींच्या विहिरीत. बघता बघता ती विहीर गढूळ झाली.

गाव खाप्याच्या अलीकडचं, काळ ऐंशीच्या दशकातला. मी नागपूरच्या ऑफिसात जिऑलॉजिस्ट होतो. हायड्रोफ्रॅक्चरिंग आमच्याकडे नवीनच आलं होतं. तेलवाले हे तेलासाठी करतात, आम्ही पाण्यासाठी. बोअरमध्ये रबराचं बूच, म्हणजे पॅकर, फुगवून बसवायचं आणि त्याच्याखाली जबरदस्त दाबानं पाणी सोडायचं. काळ्या दगडातल्या बुजलेल्या भेगा मोकळ्या होतात, बोअरचं पाणी वाढतं. भेग कुठे जाऊन निघेल, हे मात्र आपल्या हातात नसतं. शेजारची विहीर ढवळते, कधी आटतेही.

पुऱ्यातल्या या बोअरवरचा हँडपंप घागर भरण्याआधीच कोरडा खडखडायचा. मग बाया गुलाबरावजींच्या विहिरीपाशी जाऊन थांबत. स्वतः ओढायचं नाही. कोणी वरून ओतलं तर घागर धरायची. माझ्या आईनंही लहानपणी असंच पाणी घेतलं होतं. ते बघून माझं डोकं फिरायचं. मीही त्याच समाजातला, हे गुलाबरावजींना ठाऊक नव्हतं. ते मला आग्रहानं चहा पाजत.

आता ते तरातरा आले.

"साहेब, तिकडचं पाणी माह्या विहिरीत घुसलं ना! बंद करा ते!"

आमचे बडे साहेब जीपपाशी उभे होते. माणूस नियमाला पक्का. म्हणाले, "लेखी तक्रार द्या. खरी निघाली तर बोअर सिमेंटनं बुजवू."

पुऱ्यातल्या शेवंताबाई रिकामी घागर घेऊन सकाळपासून तिथेच होत्या. त्यांनी मला विचारलं, "बुजवून राहिले का जी, साहेब?"

मी बड्या साहेबांकडे पाहिलं.

बड्या साहेबांनी बॉनेटवर कागद ठेवला. "लिहा. बौद्धपुऱ्यातल्या बोअरचं आणि माझ्या विहिरीचं पाणी एकच आहे."

गुलाबरावजींचं पेन थांबलं. "असं काहून लिहू?"

"पाणी वेगळं असेल, तर आमच्या कामानं तुमची विहीर गढूळ कशी होईल?"

गुलाबरावजींनी मागे पाहिलं. निम्मं गाव जमलं होतं. देवळातल्या अभिषेकाला रोज त्याच विहिरीचं पाणी जायचं आणि पुजारीही गर्दीत होता.

"राहू द्या जी," ते म्हणाले. "विहीर या दिवसांत गढूळच राहते."

"म्हणजे तक्रार नाही?"

"मले काहून राहीन तक्रार?"

बड्या साहेबांनी कागद घडी घालून खिशात टाकला. त्यांच्या चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. साहेब मुद्दाम बोलले की नियमच सांगत होते, हे मला आजही कळलेलं नाही.

बोअरचं पाणी नितळल्यावर हँडपंप पुन्हा बसवला. शेवंताबाई हापसत राहिल्या आणि धार तुटली नाही. मला इतका आनंद झाला की मीही थोडं हापसून घेतलं.

उन्हाळ्यात गुलाबरावजींच्या विहिरीचं पाणी खाली गेलं. त्यांनी दोर लांब केला, पण ऑफिसात काही आले नाहीत.

तेव्हापासून दाब देण्याआधी मी आजूबाजूच्या विहिरींचं पाणी मोजून ठेवू लागलो. आमच्या रिपोर्टात 'शेजारच्या विहिरींवरील परिणाम' असा रकाना असायचा. त्या गावापुढे मी लिहिलं, 'तक्रार नाही.'