ठणकावून बोलणारे काका

सिंगापुरातल्या क्वीन्सटाउनच्या आमच्या ब्लॉकमधले काका जुन्या काळातल्या एका अमेरिकन वकिलाची भाषणं वाचतात. वाचतात कसली, खालच्या हॉकर सेंटरमध्ये, खाण्याच्या स्टॉल्सच्या गर्दीत उभं राहून ठणकावतात! कॉफीसुद्धा "ज्युरीतील सभ्य गृहस्थहो" म्हणत मागतात. कॉफीवाली इथल्या सिंगापुरी ढंगात ओरडते, "अंकल, साखर हवी का, तेवढं सांगा लाह!"

ऑफिसातलं माझं पहिलं इंग्रजी भाषण उद्यावर आलं होतं.

"काका, माझ्यानं होणार नाही. उच्चार गावाकडचे आहेत."

"अरे, हा वकील शाळेत भीतीनं भाषणाला उठतसुद्धा नसे! हो उभा."

तिथेच हॉकर सेंटरमध्ये सगळ्यांदेखत उभा राहिलो आणि भाषण सुरू केलं. एकाच वाक्यावर दोनदा अडकलो. एरवी कुणालाही बोलणं पुरं करू न देणारे काका ओठ घट्ट मिटून थांबले, आणि ते वाक्य मीच पुरं केलं!