हानी शून्य

पुण्याहून म्हैसूरला आल्यापासून माझं पोट एका टुकार कामावर चालतं: परदेशी बातम्यांच्या चित्रफितींखाली मजकूर टाइप करायचा. त्यात एका सैन्याचा प्रवक्ता माझ्या वाट्याला आला. कडक इस्त्रीचा गणवेश आणि जिभेला हाड नाही. तो रोज शत्रूची विमानं पाडायचा. एकदा मी त्यांची बेरीज केली, तर शत्रूकडे आहेत म्हणून त्यानंच सांगितलेल्या विमानांपेक्षा पाडलेली जास्त भरली. साहेबांना दाखवलं. ते म्हणाले, "आपण टाइप करायचं, तपासायचं नाही." स्वतःच्या बाजूचा आकडा मात्र ठरलेला असे. हानी शून्य.

अग्रहार भागातल्या माझ्या घरमालकीणबाईंचा मुलगा त्याच सैन्याच्या तळावर स्वयंपाकी होता. तळावर हल्ला झाला, मुलाचा फोन लागेना, तेव्हा बाईंनी देव पाण्यात ठेवले. बाळकृष्ण, अन्नपूर्णा, सगळे तांब्याच्या घंगाळात. मुलगा सुखरूप असल्याचं कळेपर्यंत बाहेर काढायचे नाहीत. जेवणही सोडलं.

त्या संध्याकाळी ताजं निवेदन माझ्यासमोर आलं. हानी शून्य. ज्याचा एकही शब्द खरा नसतो हे मला पक्कं ठाऊक होतं, त्याचाच शब्द घेऊन मी गाढव धावत घरी गेलो.

"निजा का रे? खरंच एकालाही काही नाही?" त्यांनी आपल्या कानडीमिश्रित मराठीत विचारलं.

"एकालाही नाही, काकू. अधिकृत आहे."

"सरी, मग काढते." एकेक देव पुसून त्यांनी देव्हाऱ्यात ठेवला आणि दोन घास सारभात खाल्ला.

सकाळी मुलाला तिथे कामावर पाठवणाऱ्या कंत्राटदाराच्या माणसाचा फोन आला. मुलगा त्याच हल्ल्यात, तळाच्या स्वयंपाकघरात मारला गेला होता. फोन मीच घेतला होता. मग शून्य कसं, असं विचारलं. तो शांतपणे म्हणाला, "हानीत सैनिक धरतात. हे कंत्राटी." म्हणजे खोटं बोलले म्हणायचीही सोय नाही. ज्याच्या हातचं खाऊन हे लढले, तो त्यांच्या मोजणीत माणूसच नव्हता. असल्या शौर्यावर मी थुंकतो.

काकू मला रागावल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या, "देव अजून एक दिवस पाण्यात राहिले असते, तर?"



चौथ्या दिवशी कामावर गेलो. प्रवक्ता त्याच इस्त्रीत उभा होता. तो शून्य म्हणाला आणि मी शून्य टाइप केलं.