बंद गिरणीचे तीनशे शहाण्णव युनिट

भविष्य माणसाच्या डोळ्यांना दिसत नाही, असं थोर लोक सांगून गेले आहेत. मला ते दिसलं. घाटकोपरला, दोन्ही बाजूंनी छापलेलं, आणि खाली उजव्या कोपऱ्यात भरण्याची अंतिम तारीख असलेलं.

आधी स्वतःविषयी सांगते, कारण या सदरात तशी पद्धत आहे. मी तीस वर्षं शाळेत विज्ञान शिकवलं. आमचं घर बौद्ध. आजोबांनी बावीस प्रतिज्ञा घेतल्या तेव्हाच श्राद्ध, पिंड, नवस, अंगारे सगळं एकदम घराबाहेर गेलं, आणि आत्मा नाही हे तर आम्हाला शाळेत जायच्या आधीच माहीत होतं. या सदरातले अनुभव मी इतकी वर्षं मुख्यतः शुद्धलेखनासाठी वाचत आले. पांढरी साडी, वडाचं झाड, गाडीला हात करणारी बाई... यातलं काही माझ्या गोष्टीत नाही. एक बाई आहे, पण ती जिवंत आहे.

ती माझी धाकटी बहीण, सुनंदा. तिचा नवरा भास्कर घाटकोपर पश्चिमेला, भटवाडीच्या चढावर पिठाची गिरणी चालवायचा. साडेसात हॉर्सपॉवरची मोटर, एक जातं, शटरचा छोटा गाळा. वीज बिलावर गिरणी ‘उद्योग’ या वर्गात मोडते, हे त्याला कळलं तेव्हापासून तो स्वतःला उद्योगपती म्हणवून घ्यायचा. गेल्या थंडीत तो हृदयविकाराने गेला. गिरणीचा मेन स्विच मी स्वतः बंद केला, शटरला कुलूप लावलं आणि किल्ली सुनंदाच्या स्वयंपाकघरातल्या खिळ्याला टांगली.

तीन महिने ती किल्ली तिथेच होती. मग मोबाइलची कव्हरं विकणारा एक माणूस गाळा भाड्याने मागायला आला. महिनाअखेरपर्यंत सांगा म्हणाला.

“ताई, तू हिशेब करून दे,” सुनंदा मला म्हणाली. “गिरणी मी चालवली तर लाइट बिल किती येईल? हे नेहमी म्हणायचे, गिरणीवाला मरतो तो लाइट बिलात.”

मी कागद घेतला. साडेसात हॉर्सपॉवर म्हणजे साधारण पाच पूर्णांक सहा किलोवॉट. सकाळी आठ ते एक आणि दुपारी चार ते आठ, म्हणजे नऊ तास. महिन्याचे सव्वीस दिवस. किलोवॉट गुणिले तास म्हणजे युनिट, हे मी किमान तीस तुकड्यांना शिकवलं आहे. उत्तर आलं तेराशेच्या वर. मी गंभीर चेहऱ्याने कागद तिच्यापुढे सरकवला.

सुनंदाने तो पाहिला आणि हसायला लागली. भास्कर गेल्यापासून पहिल्यांदाच.

“अगं ताई, दुकान उघडं म्हणजे मोटर चालू का? हे डबे जमवायचे. सकाळचे सगळे डबे आले की एकदा मोटर सुरू, डबे संपले की बंद. परत चारनंतर एकदा. नऊ तास मोटर चालवली असती तर आम्हीच दळून निघालो असतो!”

तिने जुनी बिलं काढली. बिलावर मागच्या बारा महिन्यांचे उभे खांब असतात, ते सगळे चारशेच्या आसपास. म्हणजे मोटर दिवसाला तीन तासही चालत नव्हती. तीस तुकड्यांची मी मनातल्या मनात माफी मागितली.

“मग चालव की,” मी म्हटलं. “परवडतंय.”

तिचं हसू गेलं. “मी डबे मोजले गं. चिठ्ठ्या लावल्या. मोटरला कधी हात नाही लावला. नको. त्या कव्हरवाल्याला हो म्हणते... घरी बसते, भाडं मोजते.”

ती तसं म्हणाली, आणि मला ते अजिबात आवडलं नाही. सुनंदा रिकामी बसली की आजारी पडते. लहानपणापासून. पण मोटरची भीती गणिताने जात नाही.

त्याच आठवड्यात गिरणीचं बिल आलं. आधीच्या महिन्यांत ‘गाळा बंद’ असा शेरा आणि वापर शून्य होता. या वेळी तीनशे शहाण्णव युनिट.

आधी वाटलं, कंपनीने सरासरी लावली. पण सरासरीचं बिल असलं तर तसं छापलेलं असतं, आणि जुन्या महिन्यांची सरासरी मी काढली, ती चारशेच्या वर जात होती. मग वाटलं, आकडे उलटसुलट झाले. गाळ्यातल्या मीटरवर २१०४४ होते, मी जाऊन पाहिलं. बिलावर २१४४०. पण बिलावर मीटरचा फोटोही होता, आणि फोटोत स्पष्ट २१४४० दिसत होतं.

मी भिंग घेतलं. फोटो काळपट, तिकिटाएवढा. मीटरच्या पेटीवर डाव्या बाजूला एक कागद चिकटवलेला. चार ओळी. अक्षरं लागत नव्हती, पण शेवटच्या ओळीखाली जाड रेघ होती आणि कागदाचा वरचा उजवा कोपरा फाटलेला होता. आमच्या पेटीवर धुळीशिवाय काही नव्हतं.

सुटलं कोडं! मीटर रीडरने दुसऱ्याच कुणाच्या मीटरचा फोटो काढला होता. मी तीन पानी तक्रार लिहिली. गाळा बंद, मेन स्विच बंद, मीटर शटरच्या आत, किल्ली खिळ्याला. ‘छायाचित्रातील पेटीवर डाव्या बाजूस चार ओळींचा कागद असून त्याची शेवटची ओळ अधोरेखित व वरचा उजवा कोपरा फाटलेला आहे. आमच्या पेटीवर असा कोणताही कागद नाही, सबब सदर मीटर आमचे नाही.’ ‘सबब’ हा शब्द मी आयुष्यात पहिल्यांदा वापरला. बरं वाटलं. मीटर तपासून द्या, अशी मागणीही जोडली. पोच म्हणून दुसऱ्या प्रतीवर तारखेचा शिक्का मारून घेतला. तो शिक्का पुढे महत्त्वाचा आहे.

वीज कंपनीच्या काउंटरवरच्या माणसाने रीडरलाच बोलावलं. पन्नाशीचे, शर्टाच्या खिशात दोन पेनं. नाव गावडे.

“मॅडम, तुमचंच मीटर आहे,” ते म्हणाले. “गिरणी चालू होती की.”

“गिरणी तीन महिने बंद आहे.”

“काय बोलता! ताई होत्या ना आत. फुल पांढऱ्या झालेल्या, भुवया पण. मीटर त्या पट्ट्याच्या मागे आहे, मोटर चालू असताना जाता येत नाय. मला म्हणाल्या, जरा थांबा, गहू संपू दे. थांबलो मी.”

“दुसरी गिरणी असेल.”

“असेल बाबा,” गावडे म्हणाले. मुंबईत ‘असेल बाबा’ म्हणजे ‘तुमच्या नादी कोण लागणार’.

संध्याकाळी मी हे सुनंदाला गंमत म्हणून सांगितलं. ती भाजी निवडत होती. तिचे हात थांबले.

“काय म्हणाली ती बाई?”

“जरा थांबा, गहू संपू दे.”

“म्हणजे तिला मोटर चालवता येत होती.”

“सुनंदा, ती दुसरी गिरणी होती गं. दुसरी बाई.”

“असू दे ना. बाईच होती ना?”

हे तर्कशास्त्र मी कुठल्याच तुकडीला शिकवलं नव्हतं. दुसऱ्या दिवशी सकाळी तिने कव्हरवाल्याला फोन करून नाही सांगितलं. मला वाटलं होतं मी तिला गणिताने तयार करीन. तिला तयार केलं एका अनोळखी, पिठाने माखलेल्या बाईने, जी बहुतेक शेजारच्या असल्फ्याला कुठेतरी दळत होती.

भास्करची मोटर दुरुस्त करणाऱ्या मिस्त्रीने तिला चार दिवस शिकवलं. पाचव्या दिवशी शटर वर गेलं.

पहिल्याच आठवड्यात वाट लागली. गिरणीत एक कायदा असतो: गव्हावर गहू. आधी ज्या धान्याचं दळण झालं त्याचं पीठ जात्यात राहतं, ते पुढच्या डब्यात उतरतं. म्हणून ज्वारीवर ज्वारी, गव्हावर गहू. भास्करच्या डोक्यात हा क्रम पक्का होता. सुनंदाने हरभऱ्याच्या डाळीवर शेजारच्या खोतकाकूंचा गहू टाकला. काकू डबा घेऊन परत आल्या.

“गो सुनंदा, चपाती करूक घेतलंय आणि पिठल्याचो वास इलो!”

सगळी रांग हसली. सुनंदाही हसली, पण त्या रात्री झोपली नाही म्हणे. दुसऱ्या दिवशी तिने काय केलं ते मला ठाऊक नव्हतं. माझे गुडघे तो चढ वारंवार चढू देत नाहीत.

महिना सरत आला तेव्हा मी माझा पाच किलो गव्हाचा डबा घेऊन गेले. दुपारचे साडेचार. पुढे सहा डबे, माझा शेवटचा. सुनंदा आत, केस रुमालात बांधलेले, भुवयांपर्यंत पांढरी. मी स्टुलावर बसले. तिला असं मी कधी पाहिलं नव्हतं. मोटरच्या आवाजावरून ती सांगत होती की जातं जरा घट्ट झालंय. माझा गहू जात्यात पडला, आणि दारात गावडे उभे राहिले.

“रीडिंग!”

सुनंदाने मान वळवली नाही. मोटरच्या वरताण आवाजात ओरडली, “जरा थांबा, गहू संपू दे!”

गावडे थांबले. माझ्याकडे पाहून हळूच म्हणाले, “बघा. हेच तर सांगत होतो.”

गहू संपला. मोटर थांबली. गावडे पट्ट्यामागे गेले आणि मी त्यांच्या मागे गेले... गुडघ्यांसकट.

मीटरच्या पेटीवर डाव्या बाजूला कॅलेंडरचं पान उलटं करून चिकटवलेलं होतं. सुनंदाच्या ठसठशीत अक्षरात:

सकाळी आधी तांदूळ
मग ज्वारी, बाजरी
चारनंतर फक्त गहू
डाळ शनिवारी शेवटी!

शेवटच्या ओळीखाली दोनदा गिरवलेली रेघ. वरचा उजवा कोपरा खिळ्यावरून ओढताना फाटलेला.

मीटरवर २१४४०.

गावड्यांनी फोटो काढला. त्यांना यात विशेष काही वाटलं नाही. त्यांनी तो आधी एकदा काढला होता.

मी पर्स उघडून तक्रारीची प्रत काढली. चार ओळी, अधोरेखित, कोपरा फाटका. माझंच अक्षर, वर कंपनीचा शिक्का, एक महिन्यापूर्वीचा. सुनंदाला विचारलं, “तू माझा अर्ज वाचला होतास का?”

“तीन पानं?” ती म्हणाली. “ताई, तुझा अर्ज कंपनीने तरी वाचला का?”

“हा कागद इथे का लावलास?”

“मग कुठे लावू? एवढीच सपाट जागा आहे. बाकी सगळं हलतं.”

तिने मीटर बघून मोटर बंद केली असेल? ती मीटरकडे बघतच नाही. शिवाय शेवटचा डबा माझा होता. मी त्या दिवशी दळायला नेलं नसतं तर आकडा २१४४० च्या आत राहिला असता. हे मी बऱ्याचदा मोजून पाहिलं. डबा न्यायचं मी सकाळी चहा पिताना ठरवलं होतं, तेही घरातलं पीठ संपलं म्हणून.

वाचक विचारतील, यात भास्कर कुठे होता? कुठेच नव्हता. गावड्यांना गिरणीत तो दिसला नाही, फोटोत त्याची सावली नाही, कागदावर त्याचं अक्षर नाही. सुनंदालाही मी विचारलं. ती म्हणाली, “ते असते तर मला मोटरला हात लावू दिला असता का?” आणि पुढचा डबा उचलला. जे कुणी एक महिना आधी त्या बंद शटरच्या आत उभं होतं, ती सुनंदाच होती. गहू तिचाच संपत होता. एवढंच मला म्हणता येतं, आणि विज्ञानाची शिक्षिका म्हणून तेही म्हणायची लाज वाटते.

शक्यता मी सगळ्या तपासल्या. योगायोग, फोटोवरचा डाग, गावड्यांची स्मरणशक्ती, माझी दृष्टी. प्रत्येक एकटी चालते. सगळ्या एकत्र बसत नाहीत. स्पष्टीकरण मिळालं नाही आणि मी आता शोधतही नाही. गिरणी चालू आहे. सकाळी तांदूळ, चारनंतर गहू. खोतकाकू दर आठवड्याला येतात आणि डबा द्यायच्या आधी कागद वाचतात.

पुढचं बिल आलं. मागील रीडिंग २१४४०, चालू रीडिंग २१४४०, वापर शून्य युनिट. महिनाभर दळून शून्य! सोबत तक्रारीचं उत्तर होतं: मीटर तपासले, अचूक आढळले, छायाचित्र आपल्याच मीटरचे आहे, प्रकरण बंद. एकूण हिशेब तंतोतंत होता. जेवढी वीज वापरली तेवढीच लागली, फक्त तिचं बिल वापरण्याआधी एक महिना आलं होतं.

ते आम्ही मुदतीत भरलं नाही, म्हणून विलंब आकार लागला.