किर्स्ती मावशीचं तिसरं गाणं

बेटावर कुठल्याही घरी मागावरून नवं कापड उतरलं की त्या घरच्या शेजाऱ्यांच्या आधी ते माझ्या मावशीला कळायचं. कसं, ते देव जाणे. हातातलं बटाट्यांचं भांडं तिथेच ठेवून ती शाल खांद्यावर टाकायची आणि दारातूनच मला हाक मारायची, "सोरचा, चल. उत्तरेला कापड आहे." वारा असो, गुडघाभर दलदल असो, तिच्या पायाला भिंगरी. मला तिचा राग यायचा. पाच-पाच मैल तुडवायचे कशासाठी, तर दुसऱ्याचं कापड बडवायला.

ते काम काही सुखाचं नसतं. लोकरीचं कापड पिंपात साठवलेल्या जुन्या मुतात भिजवलेलं असतं, त्याचा वास केसांतून दोन दिवस जात नाही. लांब फळीच्या दोन्ही बाजूंना दहा-बारा बायका बसतात, ओलं कापड आपटतात आणि सूर्य फिरतो त्या दिशेने शेजारणीकडे सरकवतात. एक जण ओळ म्हणते, बाकीच्या पालुपद धरतात. पुरुषांना आत मज्जाव. कापड आटून दाट होईपर्यंत गाणी चालतात, पण एका कापडावर एक गाणं दोनदा म्हणायचं नाही. म्हटलं तर ते कापड अंगावर घालणाऱ्याचं बरं होत नाही, हे आमच्याकडे लहान पोरीलाही ठाऊक असतं.

मावशी तिसरं गाणं धरायची. कायम तिसरं, आणि कायम तेच. पाणकावळ्याची चोच रिकामी आली, मासा राहिला खडकावर. चाल मोठी झकास, हात आपोआप उठावेत अशी. शब्द मात्र अगदी बेचव. ते गाणं संपलं की तिचे खांदे खाली यायचे आणि मग ती संध्याकाळपर्यंत मुकाट बडवत राहायची. पुन्हा गाणं म्हणून धरायची नाही.

पंधराव्या वर्षी मी गुरं घेऊन उन्हाळी कुरणावर गेले. तिथे पोरींनी त्याच चालीवर खरे शब्द म्हटले.

ऑयरिकची टोपली रिकामीच आली,
शेवाळ राहिलं खडकावर,
कुणाच्या होडीची वाट बघत
भरती चढली पायावर.

"ही ऑयरिक म्हणजे गोऱ्या डोनाल्डची ऑयरिक?" मी विचारलं.

पोरी खिदळल्या. त्यातली एक म्हणाली, "तुला माहीत नाही? अगं, तुझ्याच मावशीने रचलंय ते. तुझी मावशी शब्द बदलून का गाते असं मी आईला विचारलं, तेव्हा आईने सांगितलं."

घरी आल्यावर मी मावशीला धारेवर धरलं. तिने चूल सारवावी तसं घाईघाईने सगळं सांगितलं. ती अठरा वर्षांची असताना बटाटे काढायच्या दिवसांत बायकांना हसवायला तिने ही सहा कडवी रचली. मनात वाईट काही नव्हतं म्हणाली. मला वाटतं, थोडं होतं, कारण ऑयरिकचं ज्याच्याशी ठरलं होतं तो याखन दिसायला फार बरा होता म्हणतात. महिन्याभरात गाणं बेटभर झालं. याखनच्या आईच्या कानावर गेलं, ही होडी कुणाची असं तिने विचारलं आणि लग्न मोडलं. ऑयरिक बापाच्या घरी राहिली, मागावर बसली, बहिणीची पोर वाढवली.

"गाणं परत घेता येत नाही गं," मावशी म्हणाली. "म्हणून मी आधीच उरकून टाकते. शब्द काही असोत, गाणं तेच. एकदा झालं की त्या कापडावर पुन्हा कुणी काढत नाही."

"त्यापेक्षा तिच्या घरी जाऊन माफी माग ना."

"जाईन," ती म्हणाली आणि शाल शोधायला लागली. बाहेर कुठेच कापड नव्हतं, तरी ती समुद्रापर्यंत जाऊन आली.

अशी एकतीस वर्षं ती पळत होती. मग एका मार्चमध्ये ऑयरिकच्याच घरचं कापड निघालं. तिची भाची मार्सली हिच्या लग्नाचं. नवऱ्या मुलाची आई इशबेल पलीकडच्या किनाऱ्यावरून बडवायला येणार होती. आणि आदल्याच दिवशी मावशीचा पाय कुंपण ओलांडताना मुरगळला.

कापडाच्या दिवशी तिची जी तगमग झाली ती मी आयुष्यात विसरणार नाही. उठायची, बसायची, पुन्हा उठायची. "तिथे तरण्या पोरी आहेत. एखादी काढेलच ते गाणं. त्या बाईच्या समोर. पुन्हा तेच होणार, सोरचा, पुन्हा एका पोरीचं मोडणार." शेवटी दुपारी काठी घेऊन निघाली. दोन मैल ती माझ्या खांद्यावर लटकत आली आणि वाटभर मलाच ओरडली, मी हळू चालते म्हणून.

पोचलो तेव्हा सातवं गाणं संपत होतं. मावशीचं गाणं अजून कुणी धरलेलं नव्हतं. बायकांनी सरकून जागा दिली. मावशी बसली, दम घ्यायलाही थांबली नाही. "पाणकावळ्याची चोच..."

ऑयरिकने कापडावर हात ठेवला. फळी थांबली. चालू कापड असं कुणी थांबवत नाही. सगळ्यांचे हात हवेत राहिले.

"हे नको," ऑयरिक म्हणाली. "आज नीट म्हण."

"ऑयरिक, पाहुणी बसलीय."

"म्हणूनच. नंतर कुणीतरी कानात सांगेल, त्यापेक्षा समोर होऊ दे." तिचा आवाज जराही चढला नव्हता. "तुझा पाणकावळा निघाला की प्रत्येक घरातल्या बायका माझ्याकडे बघतात. पोरी आयांना विचारतात, ही शब्द का बदलते? मग आया सांगतात. दहा वर्षांत विसरले असते लोक, किर्स्ती. तू विसरू दिलं नाहीस."

मला मावशीची कीव आली, आणि खरं सांगायचं तर ऑयरिकचं म्हणणं पटलंही. माझ्याच बाबतीत तसं झालं होतं.

ऑयरिकने कापड आपटलं. पुन्हा आपटलं. ठेका सुरू झाला. मावशीने टोपलीचं कडवं म्हटलं, दुसरं म्हटलं, तिसरं म्हटलं. चौथ्याच्या दाराशी येऊन अडली. हात चालत होते, पण ओठांतून काही निघेना.

"पुढचं आठवत नाही," ती म्हणाली.

"आई दारात पदर खोचून," ऑयरिकने सांगितलं.

मावशीने ती ओळ म्हटली. आम्ही पालुपद धरलं. ऑयरिकने पुढची सांगितली, मग त्याच्या पुढची. उरलेली तिन्ही कडवी तिने अशी एकेक ओळ करून, कापडावरची नजर न हलवता, सांगितली. एकही शब्द अडला नाही. रचणारी तिच्या मागून पोरीसारखी म्हणत गेली, आणि शेवटच्या कडव्यापर्यंत तिचा आवाज पार बसला.

इशबेलने हात पुसले. मार्सली तिच्या तोंडाकडे बघत होती.

"आमच्या बाजूला माझ्यावर एक गाणं आहे," इशबेल म्हणाली. "याहून लांब. कापड मोजा गं कुणीतरी, माझी बोटं दुखायला लागली."

कुणीतरी हसलं, मग सगळ्याच हसल्या. ऑयरिकने मधल्या बोटाने कापडाची रुंदी मोजली आणि पुरतं आटायला अजून एक गाणं लागेल म्हणून सांगितलं. चहा झाल्यावर तिने मावशीला दारापर्यंत पोचवलं. माफी राहूनच गेली. मावशीला शब्द सुचले नाहीत आणि ऑयरिकने वाट पाहिली नाही.

परतताना मावशी एकदाही घाई कर म्हणाली नाही. मध्येच दगडावर बसली.

"मी विसरले होते गं," ती म्हणाली. "मीच केलं आणि मीच विसरले. तिला ओळ न् ओळ पाठ आहे."

मी तिच्या शेजारी बसले. आमच्या दोघींच्या हातांना मुताचा वास येत होता.