टाचण्यांचा गळपट्टा

दिग्रसच्या त्या दोन खोल्यांत माय-लेकी दिवसभर एकमेकींकडे पाठ करून बसत. इकडे कौसल्याबाईंची शिलाई मशीन, तिकडे दीपाचा लॅपटॉप. दोन्हीकडचा आवाज चालू असला की घर कसं मार्गी लागल्यासारखं वाटे.

दीपाचं काम शेजारणींना कधी उमगलं नाही. परदेशातल्या दवाखान्यांचे कागद वाचायचे आणि प्रत्येक दुखण्याला ठरलेला कोड द्यायचा. अंगावरचा कपडा पेटून भाजलेल्या माणसाच्या कोडला शेवटी एक अक्षर लागतं. मुख्य उपचार चालू असले तर ए. जखम भरत असताना माणूस पुन्हा दाखवायला आला तर डी. आणि सगळं भरून गेल्यावर जे मागे उरतं, त्याला एस. या तीन अक्षरांत दीपाची चूक कधी निघाली नव्हती.

गेल्या हिवाळ्यात पाणी तापवताना मायच्या कानाला बांधलेल्या नायलॉनच्या ओढणीचं टोक चुलीत लोंबलं आणि गळ्याशी पेटलं. महिनाभर यवतमाळला दवाखाना झाला. सुट्टी देताना डॉक्टरांनी फोमचा जाड गळपट्टा दिला. रात्रंदिवस घालायचा, दर पंधरा दिवसांनी दाखवायला यायचं, असं बजावलं. एकदा दाखवलं. दुसऱ्या खेपेला दीपाच्या नव्या नोकरीची परीक्षा आली. तिसऱ्या खेपेला मायच म्हणाली, "आता कायले जाचं वं? मशीनवर बसून राह्यली ना मी?"

माय मशीनवर बसली, याचा दीपाला कोण आनंद! येईल त्याला तिनं सांगितलं. पट्ट्यानं सुई दिसत नाही म्हणून मायनं तो काढून मशीनजवळच्या खिळ्याला अडकवला. फोम मऊ, टाचण्या छान रुतत. बाहेर जाताना दीपाही ओढणीसाठी त्यातलीच एक उपसून घेई.

दिवाळीनंतर एका सकाळी तिच्यापुढे एक कागद आला. अठ्ठावन्न वर्षांची बाई, गाऊन पेटलेला, गळा भाजलेला. नऊ खेपा. दर खेपेला पट्टा तपासलेला, मानेचं माप घेतलेलं. नवव्या खेपेला लिहिलं होतं, आता छताकडे पाहू शकते. दीपानं डी टाकला. पुढचा कागद काही उघडवेना. ती खुर्चीसकट वळली.

"माय, जरा वर पाह्य बरं."

"काहून? पाल आहे का?"

"पाह्य तं!"

कौसल्याबाईंचे डोळे तेवढे वर गेले. हनुवटी गळ्याशीच राहिली. खालचा ओठ ताणून दात उघडे पडले. सुईकडे पाहताना वाकते तशी मान वाकूनच भरली होती.

दुसऱ्या दिवशी एसटीनं यवतमाळ. डॉक्टरांनी गळ्यावरची दोरासारखी कडक कातडी चाचपली. "पट्टा किती दिवस घातला?"

"पंधरा-वीस," दीपा म्हणाली.

डॉक्टर रागावले असते तर बरं झालं असतं. ते हळूच म्हणाले, "ऑपरेशननं थोडी सुटेल. पण यांची शुगर फार आहे, आत्ता हात लावता येत नाही. आणि पहिल्यासारखी मान... आता नाही." त्यांनी कागदावर काही लिहिलं. दीपाच्या मनानं, हात न लावता, त्यापुढे एस टाकला.

परतताना सगळा रस्ता माय मांडीवरच्या पिशवीकडे पाहत बसली. वाटेतलं दारव्हा कधी आलं नि गेलं, तिला सांगावं लागलं.

घरी आल्यावर कौसल्याबाई मशीनवर बसल्या. "दीपे, उभी राहू नोको. उभी असली का तुह्यं पोटच दिसते मले. तोंड दिसत नाही."

दीपा पायडलपाशी जमिनीवर बसली. किती दिवसांपासून दिसत नसेल, हे तिला विचारवलं नाही. खिळ्यावरचा पट्टा मांडीवर घेऊन ती एकेक टाचणी उपसू लागली. फोमची चाळणी झाली होती.

माय वरून पाहत होती. "आता कायले काढून राह्यली?" ती म्हणाली. "राहू दे पोरी. टाचण्या कुठं ठेवू मग मी?"