आतबट्ट्याचा व्यवहार

‘आतबट्ट्याचा’ हा शब्द मी बाबांकडून शिकले. तरुणपणी ते एका सराफाच्या पेढीवर कामाला होते. झिजलेलं नाणं कुणी मोडायला आणलं की सराफ त्यातून बट्टा कापायचा. गिऱ्हाईक खुशीत पायऱ्या उतरायचं आणि नुकसान आतल्या आत झालेलं असायचं. म्हणून आतबट्टा, असं बाबा सांगायचे. खरंखोटं त्यांनाच ठाऊक. मुलुंडच्या आमच्या दोन खोल्यांत तो शब्द उठताबसता ऐकू यायचा. बाजारातली वांगी आतबट्ट्याची, शिंप्याने शिवलेला शर्ट आतबट्ट्याचा. माझं कॉलेजसुद्धा.

गिरण्यांचा संप लांबला आणि दादा घरी बसला. तेव्हा घाटकोपरहून स्थळ आलं, साट्यालोट्याचं. त्यांची मुलगी दादाला, मी त्यांच्या मुलाला, वर दादाला त्यांच्या वर्कशॉपमध्ये नोकरी. एकाच मांडवात दोन लग्नं. बाबा इतके खूश की विचारू नका. मी म्हटलं, मला बी.ए. पुरं करायचंय. “तिथे जाऊन कर गं,” बाबा म्हणाले. डोंबलाचं बी.ए.

साट्यालोट्यात एक गोष्ट कुणी बोलत नाही, पण सगळ्यांना माहीत असते. एक सून माहेरी परतली की दुसरीलाही परत धाडतात. दादा-वहिनीचं झकास चाललं होतं. माझा नवरा मात्र भाजीत मीठ कमी पडलं तरी हात उचलायचा. वर्षभर सोसलं. मग एका दुपारी, तो कामावर गेलेला बघून, पिशवीत दोन साड्या कोंबल्या आणि बसने मुलुंडला आले.

बाबांनी दार उघडलं. माझा सुजलेला गाल पाहिला, आत घेतलं, पाणी दिलं. वहिनी तांदूळ निवडत बसली होती, सातवा महिना लागलेली. मला पाहून तिचा हात सुपातच थांबला. तिचा राग तरी कसा करणार?

“बाबा, मी आता तिकडे जाणार नाही.”

त्यांनी वहिनीकडे पाहिलं. मग हळूच म्हणाले, “तू इथे राहिलीस तर ते हिला घेऊन जातील. दादाची नोकरी जाईल. तूच सांग बाय, आतबट्ट्याचा नाही का हा व्यवहार?”

संध्याकाळी तेच मला बसस्टॉपवर सोडायला आले. वाटेत त्यांनी पिशवी काही मला उचलू दिली नाही.