अकोट्याचा प्लॉट आणि माझं अठरावं

आमचे पूर्वज बडोद्याच्या फौजेत होते. तलवारी कधीच गेल्या, मिशा तेवढ्या राहिल्या, आणि त्यांतली सगळ्यांत देखणी मोठ्या काकांच्या वाट्याला आली. कारेलीबागेतल्या आमच्या घरात काकांनी मिशीवरून हात फिरवला की निर्णय झाला असं समजायचं. बाबा गेल्यापासून तर विचारायलाच नको.

बाबा बाजव्याला रिफायनरीत होते. स्वतःच्या पगारातून त्यांनी विश्वामित्री नदीपलीकडे, अकोट्याला, एक प्लॉट घेतला होता. तिथल्या घराच्या स्वयंपाकघराची खिडकी कुठे येणार, हे आई मला हवेत बोटानं चौकोन काढून दाखवायची. बाबांनंतर प्लॉट आम्हा दोघींच्या नावावर झाला. त्यावर बाभळी होत्या आणि कुणाच्या तरी म्हशी. मग नव्वदचं दशक उजाडलं. घरात केबल आली, बाजारात परदेशी कोला आला आणि अकोट्याच्या म्हशी हाकलून बिल्डर आले. काकांचा हात मिशीवर गेला.

"प्लॉट काढून टाकू, दुकान घेऊ," ते आईला म्हणाले. "असेल माझ्या नावावर, पण एकाच घरातले ना आपण?"

"तुम्ही म्हणाल तसं, दादा," आई म्हणाली. त्या दिवशीची आमटी इतकी खारट झाली की काकांनीही ती बाजूला सारली.

बिल्डरच्या वकिलांनी आम्हाला रावपुऱ्यात बोलावलं. गुजराती गृहस्थ, समोर चहा, बाजूला पंखा.

"बेबीची उंमर?"

"अठरा!" काका गरजले. "कोजागरीलाच ओवाळलंय!"

वकिलांनी माझा शाळेचा दाखला डोळ्यांजवळ नेला. "काका, अठरा लाग्युं के पूरुं थयुं?"

"लागलं म्हणजे झालंच की!"

ही आमच्या घराण्याची जुनी खोड. वाढदिवस तिथीनं करायचा आणि वय लागलेलं सांगायचं. मूल जन्मलं की त्याला पहिलं लागलं! कायद्याला मात्र पुरं झालेलं वय हवं असतं, आणि माझी सतराच पुरी झाली होती.

"मग हिचा हिस्सा कोणी विकू नाही शके," वकील म्हणाले. "तुम्ही काका, तुमचा तर सवालच नाही. आई पण नाही, जिल्हा कोर्टाची परवानगी पायजे. आणि जज पहेलां विचारणार, विकण्यात छोकरीचा फायदा काय? शुं कहेशो, काय सांगणार?"

काकांचा हात मिशीकडे निघाला आणि वाटेतच थांबला. "तसंच विकलं तर?"

"तर ही मोठी होऊन कोर्टात जाणार, सौदा रद्द मागणार. माझी पार्टी एटली भोळी नथी."

मी थक्क! ज्या मुलीला टीव्हीवर काय लावायचं हेही कुणी विचारत नव्हतं, तिच्यापुढे काका अडले, बिल्डर अडला. कुणीतरी, मला न पाहता, माझ्या जन्माच्याही आधी बसून विचार करून ठेवला होता की एखादी मुलगी असेल, तिला बाप नसेल, आणि तिचे काका प्रेमळ असतील पण घाईत असतील. त्या अनोळखी माणसापुढे मी अजूनही मनातल्या मनात वाकते. जज तर मी पाहिलेसुद्धा नाहीत, पण तो अख्खा उन्हाळा ते माझ्या खुर्चीमागे उभे आहेत असं मला वाटायचं.

"बरं, थांबू वर्षभर," काका म्हणाले, आणि माझं राज्य सुरू झालं! रविवारी फाफडे माझ्यासाठी. तव्यावरची पहिली पोळी मला. काकांनी स्वतः मागे बसून मला स्कूटर शिकवली आणि दर वळणाला देवाचं नाव घेतलं. पडद्यांचा रंग निवडायचा, तर काकू म्हणायची, "हिला विचारा." मी भुवया आक्रसून, जजसारखा, निकाल द्यायची.

या वेळी काकांनी तिथी सोडून तारीख पाळली. काकूनं ओवाळलं, आणि निरांजन विझायच्या आत काकांनी ताटाशेजारी कागद ठेवले. आईच्या हातात पेन होतं. ती सही करायला वाकलीसुद्धा होती.

"झाली ना अठरा पुरी? कर सही, राणीसरकार."

"नाही, काका."

"वकिलानं शिकवलं वाटतं!"

"तुम्हीच शिकवलंत. वर्षभर विचारत होतात ना मला सगळं? आता सवय लागली."

 काकांच्या मिशीखाली काहीतरी हललं. ते हसू होतं की शिवी, मला आजतागायत कळलेलं नाही. त्यांनी आईकडे पाहिलं. "तुझं काय म्हणणं?"

आईनं पेनाला टोपण लावलं. "ती म्हणेल तसं, दादा."

दुसऱ्या दिवशी मी तिला स्कूटरवर मागे बसवून अकोट्याला नेलं. बाभळींमध्ये उभी राहून तिनं पदर खोचला, हात उंचावला आणि पुन्हा तो चौकोन काढला. या वेळी तो बराच मोठा होता.